रेशनवरून भांडण्याआधी

प्रिय मित्रा,

‘परप्रांतीय आपल्या वाट्याचं खातात’ असं बैठकीत कुणी म्हणालं की लगेच माणुसकीवर घसरू नकोस. आधी विचार: कुठली योजना, पैसा कुणाचा, जीआरमध्ये रहिवासाची अट काय? निम्मी भांडणं सगळ्या योजना एकाच टोपलीत टाकल्यामुळे होतात.

रेशनचंच घे. अन्न सुरक्षा कायद्यातलं माणशी 5 किलो धान्य केंद्राचं. बिहारचा गवंडी ते ‘एक देश, एक रेशनकार्ड’ सोयीने पुण्यात हडपसरला उचलतो तेव्हाही त्याचं नाव बिहारच्याच यादीत असतं. महाराष्ट्राचा इष्टांक, म्हणजे लाभार्थींची ठरलेली कमाल संख्या, वेगळा, सुमारे 7 कोटी माणसांचा, आणि तो अजून 2011 च्या जनगणनेवर अडकलेला. शेजारणीच्या सुनेचं नाव चढत नसेल तर बहुधा इष्टांक भरलाय. गवंड्याने तिची जागा घेतलेली नाही. एक तक्रार मात्र खरी असू शकते, ती झटकू नकोस: दुकानाला माल मुख्यतः जोडलेल्या कार्डांच्या हिशेबाने येतो, बाहेरची कार्डं वाढली की महिनाअखेर पोती संपतात. तो नियतनाचा, म्हणजे दुकानाला ठरवून दिलेल्या मालाचा, प्रश्न आहे, तहसीलच्या पुरवठा शाखेत मांडायचा.

आणि बीडची कोयत्याची जोडी, म्हणजे ऊस तोडणारं नवरा-बायको, हंगामात बेळगावकडच्या कारखान्यावर गेली की तीही तिथे परप्रांतीयच, हे विसरू नये.

अशा जोडीचं रेशन अडलं तर कार्डाच्या रंगावर जाऊ नकोस. केसरी कार्ड प्राधान्य कुटुंबाचं, म्हणजे अन्न सुरक्षा कायद्यातलं, असेलच असं नाही, आणि नसेल तर त्यावर बाहेर धान्य मिळत नाही. ‘मेरा राशन’ ॲपवर ते बघ. मग प्रत्येकाचं ई-केवायसी, म्हणजे आधारने ओळख पटवणं, झालंय का ते. मग त्या महिन्याची उचल, कारण घोळ बहुतेक इथेच सापडतो: गावी म्हाताऱ्यांनी सगळ्यांचं धान्य उचललं की ऊसतोडीच्या फडाजवळच्या दुकानात शिल्लक शून्य. वाटून उचलता येतं. 6 माणसांचे 30 किलो. गावी 10, फडावर 20. पण गावच्या दुकानदाराला ते आधी सांगून ठेवलेलं बरं. कोयत्याने घासलेला अंगठा दुकानातलं पॉस मशीन (बोटाचा ठसा घेणारं यंत्र) घेत नसेल तर हात धुऊन कोरडे करून दुसरी बोटं लावून बघ, नाहीतर आधार जोडलेलं घरातलं दुसरं कुणी ने. दुकानदार तरीही ‘बाहेरचं कार्ड चालत नाही’ म्हणाला तर त्याच्यासमोरच 14445 ही रेशनची हेल्पलाइन लाव.

लाडकी बहीण वेगळी. पैसा राज्याचा, म्हणून रहिवासाची अट. पुराव्यात अधिवास दाखला किंवा 15 वर्षांपूर्वीचं रेशनकार्ड वगैरे चालतं. बेळगावची मुलगी कोल्हापुरात सून म्हणून आली तर नवऱ्याची कागदपत्रं धरतात; पुण्यात 8 वर्षं पाट्या उचलणारी परप्रांतीय बाई मात्र सहसा बाहेर राहते. हे योग्य की अयोग्य, यावर खुशाल वाद घाल. इथे वादाला जागा आहे.

बांधकाम कामगार मंडळाकडे तीच बाई जाऊ शकते. तिथला पैसा बांधकामावरच्या 1 टक्का उपकराचा. वय 18 ते 60 आणि मागच्या 12 महिन्यांत 90 दिवस काम, एवढं बघतात. अडतं ते दाखल्यावर. ठेकेदार सही द्यायला टाळतो, कारण सही म्हणजे मजूर आपला असल्याची कबुली. खेड्यात अशा वेळी ग्रामपंचायत अधिकाऱ्याचा (पूर्वीच्या ग्रामसेवकाचा) दाखला चालतो, तेव्हा ठेकेदाराच्या मागे महिनाभर फिरण्याआधी ग्रामपंचायतीत जा.

कळावे, लोभ असावा.