चिनी वूशिया, म्हणजे तलवारबाज योद्ध्यांच्या कथांच्या, चित्रपटांतील रंग केवळ डोळे दिपवण्यासाठी असतात का, आणि त्यांतील प्रेमिकांच्या वाट्याला मृत्यूच का येतो?

माझ्या मते तुमच्या दोन्ही प्रश्नांचे उत्तर दिग्दर्शक झांग यिमौ यांच्या २००२ सालच्या ‘हीरो’ या चित्रपटात एकत्रच सापडते. (पुढे शेवट उघड केला आहे.)

एक अनाम योद्धा प्राचीन चीनमधील छिन राज्याच्या राजासमोर बसून ब्रोकन स्वोर्ड आणि फ्लाइंग स्नो या मारेकरी प्रेमिकांची हकिकत सांगतो. ती खोटी असल्याचे ओळखून राजा स्वतःची कल्पना मांडतो, आणि मग योद्धा खरे काय ते सांगतो. योद्ध्याची पहिली हकिकत लाल आहे. तीत मत्सराने पेटलेली फ्लाइंग स्नो प्रियकराचा जीव घेते. राजाची निळी आहे. तीत प्रियकर वाचावा म्हणून ती स्वतः मरण पत्करते. खरी हकिकत मात्र पांढरी आहे. म्हणजे प्रेमिकांच्या भूमिकेतील टोनी लियुंग आणि मॅगी च्युंग हीच जोडी समोर असताना एमी वादा यांनी घडवलेल्या वेशभूषेचा रंग बदलला, की या दोघांच्या प्रेमाविषयी आपण कोणाचे म्हणणे ऐकत आहोत हे प्रेक्षकाला कळते. झांग मुळात छायालेखक होते आणि येथे छायालेखन क्रिस्टोफर डॉइल यांचे आहे, त्यामुळे ही योजना कोठेही वरवरची वाटत नाही.

पांढऱ्या हकिकतीत ब्रोकन स्वोर्डने राजाला मारण्याचा विचार सोडलेला असतो, कारण युद्धे थांबायची तर सगळी राज्ये एका छत्राखाली यायला हवीत असे त्याला वाटते. फ्लाइंग स्नोला मात्र सूड हवा असतो. ती वार करते, तो अडवील या खात्रीने. तो अडवत नाही. त्यानंतर ती त्याच तलवारीने स्वतःलाही संपवते. वूशियातील माणूस शपथ, गुरू किंवा सूड यांना आधीच बांधलेला असतो, त्यामुळे प्रेमाच्या आड खलनायक यावा लागत नाही, दोघांची निष्ठाच पुरते. आंग ली यांच्या ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’मध्ये (२०००) तर नायिकेचा दिवंगत वाग्दत्त वर हा नायकाचा मानलेला भाऊ असतो, एवढ्यावरून दोघे वर्षानुवर्षे मन मोकळे करत नाहीत, तेथील रंगही तसेच दबलेले आहेत.

‘हीरो’चा शेवट सम्राटशाहीची भलामण करतो ही टीका मला बरीचशी पटते, पण ती त्यातील प्रेमकथेला लागू होत नाही. याउलट झांग यांच्याच ‘हाऊस ऑफ फ्लाइंग डॅगर्स’मध्ये (२००४) अखेरच्या द्वंद्वात पडणारे बर्फ युक्रेनमधील चित्रीकरणादरम्यान अवेळी पडले म्हणून कथेत आले, दृश्य देखणे आहे, परंतु तेथे रंग प्रेमिकांविषयी नवे काहीच सांगत नाही.