वाचक विचारतात : आई-बाबांसोबत मल्याळम सिनेमा

गेल्या अंकात म्हातारपण आणि कुटुंब या विषयावरच्या मल्याळम चित्रपटांबद्दल लिहिलं होतं. त्यावर आलेल्या पत्रांपैकी पाच पत्रांना इथे उत्तरं देत आहोत.

'होम' आई-बाबांना दाखवायला घेतला. बाबा 78 वर्षांचे, आई 72 ची. दोघांनाही मल्याळम येत नाही आणि खालची इंग्रजी सबटायटलं वाचेपर्यंत पुसली जातात. अर्ध्या तासात बाबा झोपले. चित्रपट संथ आहे म्हणून असं झालं का? (साखळी)

संथ आहे हे खरं, पण बाबा झोपले ते काही कळेना म्हणून. 2021 चा रोजिन थॉमस यांचा हा चित्रपट अडीच तासांहून मोठा आहे. तो एका बैठकीत उरकायचा हट्ट सोडा आणि दोन संध्याकाळी बघा.

आधी तुम्ही स्वतः एकदा पाहून ठेवा, कारण घरात दुभाषी तुम्हीच. कागदावर ठळक देवनागरीत माणसांची नावं लिहून टीपॉयवर ठेवा : ऑलिव्हर ट्विस्ट (वडील, ही भूमिका इंद्रन्स यांनी केली आहे), कुट्टियम्मा (आई), अँटनी (मोठा मुलगा, चित्रपट दिग्दर्शक), चार्ल्स (धाकटा). या नावांची सवय होईपर्यंतच पहिली वीस मिनिटं निघून जातात.

बसण्याची जागा बदला. सोफा बहुतेक घरांत टीव्हीपासून दहा फुटांवर असतो. 43 इंची टीव्ही असेल तर खुर्च्या सहा फुटांवर आणा. वाचायचा चष्मा काढून लांबचा लावायला सांगा. मोतीबिंदू असलेल्या डोळ्यांना टीव्हीमागची उघडी खिडकी फार त्रास देते, म्हणून तिचा पडदा ओढा.

ज्यांचा कान जास्त तिखट असेल त्यांच्या त्या कानाच्या बाजूला बसा आणि टीव्हीचा आवाज कमी करा. मल्याळम संवाद त्यांना कळणारच नाहीत, मोठ्या आवाजात तुमचं मराठी मात्र बुडतं. प्रत्येक वाक्याचा तर्जुमा करू नका. "तो आता खोटं बोलतोय", "फोन मुद्दाम उचलत नाही" एवढं पुरतं. बाकीचं इंद्रन्स यांचा चेहरा सांगतो. मुलगा फोनमध्ये डोकं घालून बसलेला असताना बापाचे हात काय करत असतात, तिकडे आई-बाबांचं लक्ष वेधा. तिथे बोलू मात्र नका.

त्याच चित्रपटातल्या ऑलिव्हरसारखं आमच्या पप्पांनाही स्मार्टफोन शिकायचा आहे. शिकवताना रोज वाद होतो. काय चुकतं? (फोंडा)

वादाचं मूळ बहुधा बोटात असतं. वय झालं की बोटांची कातडी कोरडी पडते, पडद्याला स्पर्श नीट लागत नाही. मग माणूस जोर लावून दाबून धरतो. फोन त्याला 'लाँग प्रेस' समजतो आणि चिन्हं जागेवरून हलतात किंवा नको तो चौकोन उघडतो. पप्पांना वाटतं आपण फोन बिघडवला, तुम्हाला वाटतं ते ऐकत नाहीत.

अँड्रॉइडच्या सेटिंगमध्ये 'ॲक्सेसिबिलिटी' उघडा आणि 'टच अँड होल्ड डिले' 'लाँग'वर ठेवा. अक्षरांचा आकार वाढवा, पडदा बंद होण्याची वेळ दोन मिनिटं करा. पहिल्या पानावर चारच चिन्हं ठेवा : फोन, व्हॉट्सॲप, कॅमेरा, फोटो.

पहिला आठवडा फक्त फोन घेणं आणि ठेवणं. दुसऱ्या आठवड्यात व्हॉट्सॲपवर आवाजी निरोप. टाइप करण्यापेक्षा तो कितीतरी सोपा. व्हिडिओ कॉल तिसऱ्या आठवड्यात. रोज पंधरा मिनिटं पुरे. पायऱ्या त्यांच्याच हाताने वहीत लिहून घ्या, तुम्ही लिहिलेल्या त्यांना लागत नाहीत. आणि "द्या इकडे, मी करतो" म्हणत फोन हिसकावून घेऊ नका. शिकवणी तिथेच संपते. ओटीपी कुणालाही सांगायचा नाही, हे मात्र पहिल्याच दिवशी.

'तन्मात्रा' पाहिल्यापासून धास्ती घेतली आहे. आई 74 वर्षांची, गोष्टी विसरते. तिलाही तेच असेल का? (पेडणे)

ब्लेसी यांच्या 2005 च्या या चित्रपटात मोहनलाल यांनी रंगवलेला रमेशन नायर नोकरी करणारा, शिकत्या मुलाचा बाप आहे. 65 च्या आत सुरू होणाऱ्या अल्झायमरची ती कथा आहे. तिच्यावरून आईचं निदान करू नका.

चष्मा कुठे ठेवला हे विसरणं वेगळं. चाळीस वर्षं चवथीला (गणेश चतुर्थीला) केलेल्या खतखत्यात, म्हणजे मिश्र भाज्यांच्या गोव्याकडच्या पदार्थात, तिरफळं कधी घालायची हेच सुचेनासं होणं, ओळखीच्या वाटेवर चुकणं, गॅस चालू राहणं, तोच प्रश्न दहा मिनिटांत पुन्हा विचारणं, या गोष्टी तारखेसह वहीत टिपा. दोन-तीन आठवड्यांची वही आणि आई घेते त्या सगळ्या गोळ्यांच्या पट्ट्या घेऊन डॉक्टरांकडे जा. बी-12 ची कमतरता, थायरॉईड, नैराश्य, झोपेच्या गोळ्या, कमी ऐकू येणं यांनीही विसरायला होतं, आणि त्यांतल्या बऱ्याच गोष्टींवर उपाय आहे. बांबोळीला गोवा मेडिकल कॉलेज आणि मानसोपचार संस्था, दोन्हीकडे दाखवता येतं. एका-दोन दिवसांत अचानक भ्रम झाला तर मात्र वही बाजूला ठेवा आणि त्याच दिवशी इस्पितळ गाठा. जंतुसंसर्ग किंवा सोडियम उतरल्यानेही तसं होतं.

पाहुण्यांसमोर "सांग बघू हा कोण?" अशी परीक्षा घेऊ नका. "आई, हा सुनीलचा मुलगा आलाय" असं म्हणा.

वाचनालयात 50 ज्येष्ठांसाठी असा चित्रपट लावायचा आहे. काय काळजी घ्यावी? (डिचोली)

आधी परवानगी. ओटीटीचं खातं घरगुती वापरापुरतं असतं. तिकीट नसलं तरी सभागृहात दाखवण्यासाठी हक्कधारकाची लेखी संमती लागते. बिनतिकीट प्रयोगाची जी सवलत हौशी मंडळांना कॉपीराइट कायद्यात आहे, ती नाटक-संगीतासाठी; चित्रपटाला ती लागू होत नाही. निर्मात्या कंपनीला तारीख, जागा आणि प्रेक्षकसंख्या कळवून निदान महिनाभर आधी पत्र पाठवा.

सगळ्यात जास्त फसते ती पडद्याची उंची. पडदा खाली लावला की सबटायटल पुढच्यांच्या डोक्यांमागे जातं, आणि मागच्या दोन रांगा चुळबुळ करू लागतात. 10 फूट रुंद पडद्याची खालची कड जमिनीपासून 4 फुटांवर हवी. पाच रांगा, प्रत्येकीत पाच-पाच खुर्च्यांच्या दोन पट्ट्या, मधे 4 फूट वाट. पहिली रांग पडद्यापासून 8 फुटांवर, पुढे दर 3 फुटांवर एक. मागच्या रांगेची खुर्ची पुढच्या दोन खुर्च्यांच्या फटीत येऊ द्या. खुर्च्या हातांच्या असाव्यात, उठताना आधार लागतो.

पूर्ण अंधार करू नका. वाटेवर आणि शौचालयाकडे मंद दिवा ठेवा. दर 50 मिनिटांनी दहा मिनिटं थांबा. पत्र्याचं छप्पर असेल तर जून ते सप्टेंबर हा कार्यक्रम ठेवूच नका, चित्रपट चालू असताना कुणीतरी मराठीत सांगायचं निवेदन सरीच्या आवाजात ऐकू येणार नाही. साडेतीनला सुरू करा म्हणजे परतीची बस चुकत नाही.

निवडीबद्दल : 'किष्किंधा कांडम' (2024) चांगला आहे, पण बारीकसारीक खुणांवर चालतो, निवेदन देत दाखवला तर विस्कटतो. 'उळ्ळोळुक्कु' (2024) दोन तासांचा, पुराने वेढलेल्या घरातल्या सासू-सुनेचा. सासू झालेल्या उर्वशींसाठी तो बघावाच. त्यातला विवाहबाह्य संबंधाचा धागा मंडळातल्या चारजणांना आधी सांगून ठेवा.

चवथीला सगळे भाऊ मूळ घरी जमतात. तेव्हा एकत्र बघण्यासारखा एखादा? (मडगाव)

'नारायणींडे मून्नाण्मक्कळ' (2025), म्हणजे नारायणीचे तीन मुलगे. केरळातल्या कोयिलांडीच्या घरी आई शेवटच्या घटका मोजते आहे आणि दुरावलेले भाऊ एकाच छपराखाली वाट बघत आहेत. दिग्दर्शक शरण वेणुगोपाल. 'चेट्टन' म्हणजे मोठा भाऊ, 'अम्मा' म्हणजे आई, एवढं ठाऊक असलं की पुरे. चतुर्थीच्या दिवशी नको, आरती-पाहुण्यांत लक्ष लागणार नाही. विसर्जनानंतर भाऊ निघायच्या आदल्या रात्री लावा.