दोघंही सिकलसेल वाहक असतील तर?

प्रश्न : आम्ही नंदुरबार जिल्ह्यातले. लग्न ठरलंय. शिबिरात दोघांचीही सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक आजारासाठीची प्राथमिक, सोल्युबिलिटी चाचणी पॉझिटिव्ह आली. मुलांना आजार होणारच का?

उत्तर : नाही. आधी दोघांची एचपीएलसी किंवा इलेक्ट्रोफोरेसिस तपासणी करून घ्या; त्यांत हिमोग्लोबिनचे प्रकार वेगवेगळे दिसतात. सोल्युबिलिटीत द्रावण गढूळ होऊन नळीमागच्या काळ्या रेघा दिसेनाशा झाल्या की हिमोग्लोबिन-एस, म्हणजे सिकलसेलमधलं बदललेलं हिमोग्लोबिन, आहे एवढंच कळतं. वाहक (एकच जनुक बदललेलं) की रुग्ण (दोन्ही बदललेली), ते नाही. नुकतंच रक्त चढवलं असेल तर दोन्ही तपासण्या फसवू शकतात, तसं प्रयोगशाळेत आवर्जून सांगा.

दोघंही वाहक निघालात तर प्रत्येक गरोदरपणात मूल रुग्ण असण्याची शक्यता २५ टक्के, वाहक ५०, दोन्ही जनुकं नेहमीची असण्याची २५. ‘पहिलं आजारी, म्हणजे पुढची तीन सुटली’ हा हिशेब साफ चूक. दर खेपेला शक्यता तेवढीच राहते. दिवस गेले की लगेच डॉक्टरांना सांगा, कारण गर्भाला आजार आहे का हे सांगणारी वारेच्या पेशींची तपासणी साधारण १० ते १३ आठवड्यांतच होते.

आणि घरात कुणी ‘रक्तातली खोट’ म्हणालं तर ऐकून घेऊ नका. वाहकांना फाल्सिपॅरम या घातक प्रकारच्या मलेरियाच्या गंभीर आजारापासून बरंच संरक्षण मिळतं. मलेरियाच्या प्रदेशांत हे जनुक टिकलं ते त्यामुळेच.