प्लेस्टेशन १ च्या स्वतःच्या सीडींची चालणारी बॅकअप कॉपी कशी करायची?

तुम्ही लिहिलंय ते थोडक्यात असं: नाशिक रोडला सेकंडहँड घेतलेला पहिला प्लेस्टेशन आहे, मूळ काळ्या सीडींवर चरे पडायला लागलेत, आणि लॅपटॉपवर आयएसओ (सीडीची एका फाइलमधली प्रत) करून राइट केलेल्या कॉप्या नीट चालत नाहीत. एक गेम लोगोनंतर काळ्या पडद्यावर थांबतो, दुसरा चालतो पण मुका. राइटचा वेग कमी केला, महाग सीडी आणली, तरी फरक नाही. आणि कन्सोलमध्ये चिप, म्हणजे कॉपी केलेल्या सीडी चालू देणारी मागाहून बसवलेली मॉड चिप, आहे की नाही तेही माहीत नाही.

शेवटच्या शंकेचं उत्तर तुमच्या वर्णनातच आहे. घरी राइट केलेल्या सीडीवरून गेम सुरू होतो, म्हणजे चिप आहे आणि ती काम करते. मूळ सीडीच्या अगदी आतल्या, लीड-इनच्या भागात ट्रॅक मुद्दाम किंचित नागमोडी केलेला असतो आणि त्या हेलकाव्यात, सीडी कुठल्या प्रदेशासाठी आहे ते सांगणारी चार अक्षरं लपवलेली असतात. कुठलाही सीडी रायटर हे हेलकावे उमटवू शकत नाही. चिप तीच अक्षरं थेट कन्सोलला ऐकवते. चिप नसती तर कन्सोलने प्लेस्टेशनची सीडी घाला एवढंच सांगितलं असतं. काळ्या रंगाचा याच्याशी काही संबंध नाही. तो नुसता रंगवलेला प्लास्टिक आहे, ७८० नॅनोमीटरचा लेसर त्यातून आरपार जातो. कॉपीसाठी काळी सीडी शोधत फिरू नका.

तुमची चूक राइट करण्यात नाही, वाचण्यात आहे. सीडीवरची माहिती सेक्टर नावाच्या ठरावीक आकाराच्या तुकड्यांत असते, आणि आयएसओ फाइल प्रत्येक सेक्टरमधले फक्त २०४८ बाइट ठेवते. प्रत्यक्षात सेक्टर २३५२ बाइटचा असतो. प्लेस्टेशनच्या सीडी मोड २ च्या आहेत आणि त्यात दोन प्रकारचे सेक्टर एकमेकांत विणलेले असतात. फॉर्म १ मध्ये २०४८ बाइट डेटा आणि बाकी चूक दुरुस्तीची माहिती. फॉर्म २ मध्ये दुरुस्तीची माहिती काढून टाकून २३२४ बाइट डेटा भरलेला असतो, व्हिडिओसोबत वाहणारा आवाज बहुतेक याच सेक्टरांत असतो. शिवाय प्रत्येक सेक्टरला ८ बाइटचं उपशीर्षक असतं, हा तुकडा आवाजाचा की डेटाचा, कुठल्या चॅनेलचा, हे कन्सोल त्यावरून ओळखतो. आयएसओत उपशीर्षक गेलं आणि फॉर्म २ चे जास्तीचे बाइटही गेले. काही गेमचं संगीत तर डेटा ट्रॅकनंतर वेगळ्या ऑडिओ ट्रॅकमध्ये असतं, साध्या ऑडिओ सीडीसारखं. ते आयएसओत येतच नाही. तुमचा मुका गेम यातलाच कुठलातरी आहे.

म्हणून आयएसओ विसरा. बिन आणि क्यू या दोन फाइलींची जोडी हवी: बिनमध्ये पूर्ण सेक्टर, क्यूमध्ये ट्रॅकची यादी. विंडोजवर इमग्बर्न हा प्रोग्रॅम पुरतो. इन्स्टॉल करताना प्रत्येक पडदा वाचा, सोबत भलतेच प्रोग्रॅम देऊ करतात, ते नाकारा. त्यात ‘क्रिएट इमेज फाइल फ्रॉम डिस्क’ निवडा, वाचनाचा वेग ४एक्स किंवा ८एक्स ठेवा. मोड २ ची सीडी ओळखून ते आपोआप बिन आणि क्यू बनवतं. वाचताना एरर आली तर ‘दुर्लक्ष करा’ दाबून पुढे जाऊ नका. त्या जागी शून्यं भरली जातात आणि गेम नेमका तिथे पोचला की अडकतो, कधी कधी दहा तास खेळल्यावर.

आधी सीडी पुसून घ्या. मायक्रोफायबर कापड, थोडं आयसोप्रोपिल अल्कोहोल, आणि हात मधून बाहेर सरळ रेषेत, गोल गोल नाही. गोल फिरवल्याने पडलेला चरा ट्रॅकच्या दिशेने लांबतो आणि दुरुस्तीच्या क्षमतेबाहेर जातो. खालच्या बाजूचे चरे १.२ मिलिमीटर जाडीच्या प्लास्टिकवर असतात, पॉलिश करून निघू शकतात. लेबलच्या बाजूचा चरा मात्र थेट डेटाच्या थराला लागतो, तो गेला तो गेलाच. नाशिकच्या पावसाळ्यात कपाटात बंद राहिलेल्या सीडीवर बुरशीचे बारीक ठिपके येतात, तेही याच पुसण्याने जातात.

आता ज्यावर माझा सगळ्यात जास्त आग्रह आहे ते. प्रत्येक सीडी दोनदा वाचा, शक्यतो दोन वेगळ्या ड्राइव्हवर, आणि दोन्ही बिन फाइलींचा एसएचए-१ हॅश, म्हणजे फाइलवरून काढलेला ओळख-आकडा, जुळवा. फॉर्म २ च्या सेक्टरला दुसऱ्या पातळीची दुरुस्ती नसते, त्यामुळे एखादा बाइट चुकीचा वाचला गेला तरी प्रोग्रॅम तक्रार करीलच असं नाही. एकाच डेटा ट्रॅकच्या गेमचे दोन्ही हॅश तंतोतंत सारखे यायला हवेत. रीडंप या जतन प्रकल्पाच्या यादीतही तुमच्या आवृत्तीचा हॅश बहुधा सापडेल. तो जुळला तर सीडीबद्दल शंकाच उरत नाही. ऑडिओ ट्रॅक असलेल्या गेममध्ये हॅश वेगळा आला तर घाबरू नका. प्रत्येक ड्राइव्ह आवाज काही नमुने पुढे-मागे करून वाचतो, खेळताना त्याने फरक पडत नाही.

दुसरी तपासणी फाइलच्या आकाराची. बिनचा बाइटमधला आकार २३५२ ने निःशेष भागला गेला पाहिजे. आणि आकार बघून दचकू नका: ७४ मिनिटांची पूर्ण भरलेली सीडी म्हणजे ३,३३,००० सेक्टर, बिन ७८,३२,१६,००० बाइटची. ‘७०० एमबीच्या सीडीवर ही कशी मावेल’ असं वाटून लोक थांबतात. ७०० एमबी हा हिशेब २०४८ चा आहे. ८० मिनिटांच्या सीडीवर ३,६०,००० सेक्टर मावतात, म्हणजे ८४,६७,२०,००० बाइटपर्यंतची बिन.

क्यू ही छोटी मजकूर फाइल असते. नोटपॅडमध्ये उघडली की पहिल्या ओळीत बिनचं नाव आणि पहिल्या ट्रॅकपुढे मोड२/२३५२ दिसलं पाहिजे. बिनचं नाव बदललं तर इथेही बदला. लिनक्सवर सीडीआरडीएओ हे सॉफ्टवेअर वापरणार असाल तर एक खाच लक्षात ठेवा: ते ऑडिओचे बाइट उलट क्रमाने साठवतं. त्याच्या टॉक फाइलवरून (त्याची स्वतःची ट्रॅकची यादी) क्यू बनवताना बाइट उलटवून घेतले नाहीत तर संगीताच्या जागी नुसती खरखर ऐकू येते.

राइट करताना इमग्बर्नमध्ये ‘राइट इमेज फाइल टू डिस्क’ मध्ये जाऊन क्यू निवडा, बिन नाही. बिन फाइल डेटा सीडीवर ओढून टाकणं म्हणजे सीडीवर एक फाइल ठेवणं, तो गेम होत नाही. वेग १६एक्स किंवा ड्राइव्ह देईल त्यातला खालचा. आजच्या ५२एक्सच्या सीडीवर १एक्सचा हट्ट धरण्यात अर्थ नाही, त्यांचा रंगथर तेवढ्या संथ लेसरसाठी बनवलेलाच नाही. ‘व्हेरिफाय’, म्हणजे राइट झालेली सीडी वाचून ताडून बघणं, चालू ठेवा.

एकदाच राइट होणारी सीडी-आरच घ्या. पुन्हा पुन्हा राइट होणाऱ्या सीडी-आरडब्ल्यूची चमक सीडी-आरच्या चौथ्या हिश्श्याच्या आसपास असते, प्लेस्टेशनच्या लेन्सला ती झेपत नाही. एम. जी. रोडवर किंवा लग्नाचं शूटिंग करणाऱ्यांकडे कोऱ्या सीडी अजून मिळतात, पण बिननावाच्या सुट्या सीडी घेऊ नका. सीडी बनवणारी मोझर बेअर कंपनी २०१८ मध्ये अवसायनात गेली, तेव्हा त्या नावाचा माल दिसला तर तो जुना साठा समजा: एक-दोन घेऊन तपासा, मगच डबा घ्या. वर कागदी स्टिकर लावू नका, तोल जाऊन सीडी थरथरते. नाव मधल्या पारदर्शक भागावर मार्करने लिहा.

काही युरोपीय, म्हणजे पाल गेम वेगळे आहेत. त्यांत सबचॅनेलमध्ये, म्हणजे मुख्य डेटासोबत सीडीवर असणाऱ्या वेगळ्या छोट्या माहितीत, मुद्दाम बिघडवलेले काही सेक्टर असतात, आणि ते न सापडल्यास गेम सुरू होऊन पुढे कुठेतरी गोठतो. बिन-क्यूमध्ये सबचॅनेल राहत नाही. अशा सीडीसाठी क्लोनसीडीचा तीन फाइलींचा प्रकार घ्या, सबचॅनेलसह वाचा आणि ९६ बाइटच्या सबचॅनेलसह रॉ पद्धतीने राइट करा. प्रत्येक रायटरला हे जमत नाही.

कायद्याचं एका वाक्यात: कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ५२ मध्ये, प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडे रीतसर आहे त्याला ती हरवण्या-बिघडण्यापासून तात्पुरतं संरक्षण म्हणून बॅकअप करायची मुभा आहे. कॉप्या वाटायची मुभा त्यात नाही, आणि मूळ सीडी विकलीत तर बॅकअपही ठेवू नका.

हॅश जुळलाय, व्हेरिफाय पास झालंय, तरी कॉपी अडखळते आणि मूळ सीडी चालते, असं झालं तर बहुधा लेन्स थकली आहे. सीडी-आरवरून परत येणारा उजेड कमी असतो, त्यामुळे दुबळी लेन्स आधी कॉपीवरच अडते. कापसाच्या काडीला ९९ टक्क्यांचं आयसोप्रोपिल लावून लेन्स हलक्या हाताने पुसा. लेसरजवळचा छोटा स्क्रू पिळून ताकद वाढवायचा सल्ला पुष्कळ जण देतात. तो ऐकू नका, त्याने लेसर लवकर जळू शकतो. पुसूनही फरक नाही पडला तर लेन्सचा पूर्ण संच बदला. तो केएसएम-४४० या मालिकेतला असतो, पण मॉडेलप्रमाणे शेवटची अक्षरं वेगळी असतात, म्हणून जुन्या संचावरचा क्रमांक वाचूनच नवा मागवा.