ढोल वाजला की शेरू मोरीत, जॅकेटने फरक पडेल का?

प्रश्न: ताई, आम्ही चिंचपोकळीला राहतो. आमचा शेरू इंडी म्हणजे देशी कुत्रा आहे, एरवी एकदम बिनधास्त, पण गणपतीच्या आगमनाच्या मिरवणुका सुरू झाल्या की मोरीत पिंपामागे जाऊन बसतो, थरथर कापतो, लाळ गळते, चिकन पुढे धरलं तरी बघत नाही. भाचीने ऑनलाइन थंडरशर्ट दाखवलं, ते अंगाला घट्ट बसणारं जॅकेट. खरंच उपयोग होतो की पैसे पाण्यात? घरात मांजर पण आहे, तिला चालेल का?
– एक वाचक, चिंचपोकळी

उत्तर: होतो, पण सगळ्यांना नाही. तान्ह्या बाळाला दुपट्यात गुंडाळलं की कसं शांत होतं, तसा छातीपोटाला सगळीकडून हलका दाब बसतो आणि काही कुत्र्यांचं थरथरणं त्याने कमी होतं, काहींना मात्र ढिम्म फरक पडत नाही. म्हणून विकत घ्यायच्या आधी घरीच करून बघा. मेडिकलमधून रुंद क्रेप बँडेज आणा, मधला भाग छातीवर ठेवा, दोन्ही टोकं खांद्यावरून नेऊन पाठीवर फुली करा, मग पोटाखालून फिरवून पुन्हा वर आणा आणि गाठ कण्यावर नको, जरा बाजूला मारा. ताणून बांधू नका, आत दोन बोटं सहज गेली पाहिजेत, आणि काखेत घासत नाहीये ना तेही बघा.

पण ढोल सुरू झाल्यावर पहिल्यांदा घालू नका हं, नाहीतर हे अंगावर आलं की आता ते भयंकर येणार असं त्याच्या डोक्यात बसेल. आतापासूनच शांत दुपारी, खाऊ देत देत, आधी 5 मिनिटं, मग 10, असं वाढवत न्या.

मला खरी काळजी आपल्या उकाड्याची वाटते. कुत्रा मुख्यतः धापा टाकूनच अंग गार करतो आणि मुंबईच्या दमट हवेत तेही नीट जमत नाही, त्यात घाबरलेला असला की आणखी धापा. त्यामुळे पंखा किंवा एसी चालू, पाणी जवळ, आणि जॅकेट घालून त्याला एकटं सोडून मिरवणूक बघायला जायचं नाही म्हणजे नाही. पग वगैरे चपट्या नाकाचे असतील त्यांनी तर दुप्पट जपा.

मोरीतून त्याला ओढून काढू नका. आवाज कमी येतो म्हणूनच तो तिथे जातो, एक कोरडी सतरंजी टाका, दार उघडं ठेवा. जवळ घेतलं की भीती वाढते असं लोक सांगतात ते खरं नाही, तो येत असेल तर घ्या की जवळ.

आणि लाळ गळणं, चिकन सोडणं ही साधी भीती नाही, यासाठी डॉक्टर लागणारच. परळचं बैलघोडा हॉस्पिटल, म्हणजे प्राण्यांचा दवाखाना, तुम्हाला जवळच आहे, आगमनाच्या आधीच दाखवून या, कारण भीतीवरच्या गोळ्या आवाज सुरू व्हायच्या आधी द्याव्या लागतात, कुठली आणि किती ते वजन बघून तेच ठरवतील. घरातली माणसांची झोपेची गोळी अर्धी करून देऊ नका, प्लीज.

मांजराला मी तरी घालणार नाही. अंगावर काही घट्ट आलं की बऱ्याच मांजरी एका कुशीवर पडून राहतात, आपल्याला वाटतं शांत झाली, पण ती भीतीने गोठलेली असते. तिला कपाटावर एक खोका आणि त्यात तुमची जुनी चादर ठेवा, पुरे.