स्टंटमनचा पुढे डायरेक्टर होऊ शकतो का? सॅमो हंगचं करिअर नेमकं कसं घडलं?

तुमच्या प्रश्नात खाली एक वाक्य आहे, 'जन्मभर मार खाऊन पडायचं काम केलेला माणूस डायरेक्शन काय करणार', त्यासाठी लिहायला बसलोय, नाहीतर हाँगकाँगचा ॲक्शन स्टार आणि डायरेक्टर सॅमो हंग याच्या सिनेमांची यादी कुठेही मिळेल.

मी 9 वर्षं मुंबईत फायटर, म्हणजे स्टंटमन म्हणून काम केलंय. मूळचा मल्लखांबवाला, लहानपणी मामाच सायकलच्या दांडीवर बसवून आखाड्यात सोडायचा. एका सीरियलमध्ये हिरोच्या जागी मी पहिल्या मजल्याच्या गॅलरीतून पडलो, तोच शर्ट, तसाच विग, खाली रिकाम्या खोक्यांचे थर आणि वर गाद्या. टेक चांगला झाला होता पण डायरेक्टर म्हणाले तोंड दिसतंय, अजून एक घेऊ. आता खोकं एकदा दबलं की त्यातली हवा गेली, ते पुन्हा तुम्हाला झेलत नाही, पण सगळे बदलायचे तर अर्धा तास जाणार आणि उजेड उतरत होता. फाइट मास्टर नको म्हणत होते, मी हो म्हणालो. गादी लागली आणि लगेच तिच्याखालची फरशी लागली, डावी कॉलरबोन गेली.

तो एपिसोड लागला तेव्हा मी हात गळ्यात बांधून मामाच्या घरी बसलो होतो. मामा म्हणाला, "काय उडी टाकली रे त्या हिरोने!" म्हटलं मामा, तो मी आहे. तर म्हणे, "असशील, पण नाव कुणाचं आलं? पडणाऱ्याला अक्कल लागत नाही, पाडणाऱ्याला लागते." हा वाद आमच्यात अजून दर गणपतीला होतो.

आता सॅमो हंग. जन्म 1952, हाँगकाँग. 9 वर्षांचा असताना यू जिम-युएन यांच्या पेकिंग ऑपेराच्या (गाणं, अभिनय आणि कसरती एकत्र असलेलं चिनी नाटक) शाळेत, जॅकी चॅन आणि युएन बियाओ तिथेच त्याचे धाकटे गुरुबंधू. तिथलं शिक्षण संपायच्या सुमारास दुखापतीने अंथरुणाला खिळला आणि वजन वाढलं ते वाढलंच, तरी कोलांट्या तशाच. 'एंटर द ड्रॅगन'मध्ये (1973) सुरुवातीलाच ब्रूस लीशी जो जाडसर गडी लढतो तो हाच. 1977 मध्ये पहिला सिनेमा डायरेक्ट केला.

हे जमलं कसं, तर हाँगकाँगमध्ये फाइटचा सीन आला की सेट ॲक्शन डायरेक्टरच्या (आपल्याकडचा फाइट मास्टर) ताब्यात जायचा, कॅमेरा कुठे लावायचा, लेन्स कुठली, कट कुठे, सगळं तोच ठरवणार. म्हणजे स्टंटमन, मग ॲक्शन डायरेक्टर, मग डायरेक्टर, ही सलग वाट होती आणि ॲक्शन डायरेक्टर झालेला माणूस अर्धं डायरेक्शन तिथेच शिकलेला असायचा. सॅमोच्या फाइटमध्ये माणूस डोक्यापासून पायापर्यंत फ्रेममध्ये असतो, लाथ कुठून निघाली आणि कुठे बसली हे एकाच शॉटमध्ये कळतं. ज्याने स्वतः लाथ खाल्लीय त्यालाच माहीत असतं की कॅमेरा दोन पावलं डावीकडे घेतला तर दुसरा टेक लागणार नाही. माझ्या त्या डायरेक्टरांना हे सुचलं नाही कारण ते कधी पडलेच नव्हते. असं माझं स्पष्ट मत आहे, कुणाला पटो न पटो. 'इप मॅन 2'मधली टेबलावरची फाइट बघा, 57व्या वर्षी केलीय, त्याच शूटिंगच्या काळात हृदयाची शस्त्रक्रिया झालेली.

आणि ज्यांना वाटतं स्टंटवाल्याला ॲक्टिंग येत नाही त्यांनी 1988 चा 'पेंटेड फेसेस' बघावा, त्यात सॅमोने स्वतःच्याच गुरूचं काम केलंय आणि हाँगकाँग फिल्म अवॉर्ड्सचं बेस्ट ॲक्टर मिळवलंय. 2024 मध्ये तिथेच जीवनगौरव मिळाला. मामा, आलं ना नाव?

एक मात्र सांगायला हवं, सॅमोच्या त्या ऑपेरा शाळेत पोरांना छडीने फोडून काढायचे, त्याचं कौतुक मी करणार नाही. शिवाय तेव्हा हाँगकाँगमध्ये सिनेमे धडाधड निघायचे, शिकायला रोज सेट मिळायचा, तसं आज तिथेही नाही. आपल्याकडे आधी स्टंटवाल्यांच्या असोसिएशनचं कार्ड, मग वर्षानुवर्षं मास्टरच्या हाताखाली, आणि आपले मास्टर डायरेक्टर झालेत, वीरू देवगण यांनी 1999 मध्ये 'हिंदुस्तान की कसम' केला, पण अशी नावं मोजकीच.

तुम्ही स्वतः या लाइनमध्ये येणार असाल तर पडायचं काम संपल्यावर व्हॅनिटी व्हॅनच्या सावलीत बसू नका, डायरेक्टर शॉट बघतात त्या मॉनिटरच्या मागे उभे राहा, मी ते फार उशिरा सुरू केलं. आणि दुसऱ्या टेकला खोके बदलून घ्या, उजेड जाऊ दे नाहीतर राहू दे.