वाचकांचे प्रश्न : नेव्हीकडून हरलेली आर्मी विजेती कशी?

अमेरिकेतल्या लष्करी अकादमींच्या फुटबॉलवर आलेल्या पत्रांतली ही चार. आर्मी म्हणजे वेस्ट पॉइंटच्या लष्कर अकादमीचा संघ, नेव्ही नौदल अकादमीचा आणि एअर फोर्स हवाई दल अकादमीचा. हा लांबट चेंडूचा, हाताने खेळायचा फुटबॉल. नेहरू स्टेडियमवर पायाने खेळतात तो नव्हे.

मुलगा अमेरिकेत असतो. तो म्हणतो, २०२४ला वेस्ट पॉइंटचा संघ विजेता ठरला. पण मोबाइलवर तर नेव्हीने त्यांना ३१-१३ हरवल्याचं दिसतं. खरं काय? (रामबाग, इंदूर)

दोन्ही. वेस्ट पॉइंटची आर्मी २०२४लाच अमेरिकन ॲथलेटिक कॉन्फरन्समध्ये (कॉलेजांच्या संघांच्या एका साखळीत) आली आणि पहिल्याच मोसमात, ६ डिसेंबरला तुलेन विद्यापीठाला ३५-१४ हरवून तिथली विजेती ठरली. नेव्हीही त्याच कॉन्फरन्सची. पण या दोघांचा वार्षिक सामना १८९०पासूनचा, त्याचा मान वेगळा. तो कॉन्फरन्सच्या गुणतक्त्यात धरतच नाहीत. म्हणून १४ डिसेंबरच्या पराभवाने विजेतेपदाला धक्का लागला नाही. संपूर्ण मोसमात आर्मीचे १२ विजय, २ पराभव. दुसरा पराभव नॉत्र दाम विद्यापीठाकडून, ४९-१४. आर्मी, नेव्ही आणि एअर फोर्स यांच्यात १९७२पासून कमांडर-इन-चीफ करंडक असतो, तो मात्र त्या वर्षी नेव्हीने नेला. कॅडेटांना ही बोच जास्त.

हे संघ चेंडू लांब फेकायचं सोडून दरवेळी तीन-चार यार्डच का पळतात? बघताना कंटाळा येतो. (महू)

आधी हिशेब बघा. चार प्रयत्नांत दहा यार्ड काढले की पुढचे चार मिळतात. दहा यार्ड म्हणजे आपल्या क्रिकेटच्या खेळपट्टीच्या निम्म्याहूनही कमी. तीन प्रयत्नांत तीन-तीन यार्ड काढले तर चौथ्यात एकच उरतो, आणि हे संघ चेंडू लाथेने लांब मारून तो प्रयत्न सोडत नाहीत, पळून यार्ड काढतात. पळताना घड्याळ बहुधा चालू राहतं. फेकलेला चेंडू हुकून पडला की थांबतं. म्हणजे समोरच्या बलाढ्य संघाचे हल्ला करणारे गडी बाकावर बसून राहतात. २००४च्या एमराल्ड बोल या मोसमाअखेरच्या सामन्यात नेव्हीने न्यू मेक्सिकोविरुद्ध सलग २६ चाली करून १४ मिनिटं २६ सेकंद चेंडू सोडला नव्हता, आणि एक पाव डाव असतो १५ मिनिटांचा!

दुसरं कारण अंगकाठीचं. पदवीनंतर या मुलांना किमान पाच वर्षं प्रत्यक्ष सेवेत जायचं असतं. इतर कॉलेजांत दीडशे किलोच्या आसपासचे पहाडासारखे गडी पुढे उभे असतात, ते इथे परवडत नाहीत. मग वजनाला वजन न भिडवता हूल द्यायची.

त्या हुलीचं नाव ट्रिपल ऑप्शन. समोरच्या दोघांना मुद्दाम कोणी अडवत नाही. क्वार्टरबॅक, म्हणजे चाल चालवणारा गडी, चेंडू फुलबॅकच्या, म्हणजे त्याच्या मागून थेट आत धावणाऱ्याच्या, पोटाशी धरतो आणि पहिल्या मोकळ्या गड्याकडे बघतो. तो आत, फुलबॅकवर धावला की चेंडू काढून घ्यायचा. बाहेरच थांबला की देऊन टाकायचा. काढून घेतला तर बाहेर पळत दुसऱ्याकडे बघायचं. तो अंगावर आला की बाजूने पळणाऱ्या साथीदाराला चेंडू द्यायचा, साथीदाराकडे वळला की स्वतःच आत घुसायचं. कबड्डीत चढाई करणारा कोपरारक्षकाचा पाय बघून ठरवतो, तसंच.

बिघडतं ते दोन जागी. पोटाशी धरलेल्या चेंडूवर दोघांचेही हात आवळले की चेंडू सुटतो. बाहेर देताना तर धोका मोठा : मागे दिलेला चेंडू पडला तरी जिवंत राहतो, कुणीही उचलावा. पहिल्याच प्रयत्नात तीन यार्ड मागे ढकलले गेले की पुढे तेरा काढायचे, तिथे ही पद्धत लंगडी पडते. दोन टचडाउननी (चेंडू समोरच्यांच्या शेवटच्या रेघेपलीकडे नेला की टचडाउन) मागे पडल्यावर तर चालणारं घड्याळच वैरी होतं. आणि नेव्हीसमोर हुलीची जादू कमी, कारण त्यांचीही मुळं याच खेळात. त्या ३१-१३च्या सामन्यात नेव्हीचा क्वार्टरबॅक ब्लेक होरवाथ एकटा २०४ यार्ड पळाला.

आर्मी-नेव्ही सामना इंदुरात किती वाजता बघायचा? (लोकमान्य नगर)

तो सहसा डिसेंबरच्या दुसऱ्या शनिवारी, तिथल्या दुपारी तीनला. हिवाळ्यात अंतर साडेदहा तासांचं, म्हणजे आपल्याकडे शनिवार उलटून रात्री दीड. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपर्यंतच्या सामन्यांना साडेनऊ तास मिळवा. दुपारी बाराचा सामना रात्री साडेनऊला, जेवण उरकून बघता येतो. डिसेंबरचा सामना संपताच टीव्ही बंद करू नका. दोन्ही संघ आधी हरलेल्यांच्या विद्यार्थ्यांसमोर उभे राहून त्यांचं अकादमीगीत म्हणतात, मग जिंकलेल्यांचं. म्हणून वर्षभर सगळ्यांच्या तोंडी एकच : गाणं दुसरं म्हणायचं.

शाळेतल्या आठवी-नववीच्या मुलांना ही ऑप्शनची चाल शिकवता येईल का? (क्रीडाशिक्षक, इंदूर)

येईल, पाडापाडी अजिबात नको. तीन मुलं चालीची, दोन मोकळे रक्षक, एवढ्यावर सुरू करा. कमरेला दोन्ही बाजूंनी रुमाल खोचा. तो ओढला की गडी बाद. अमेरिकी चेंडू मिळाला नाही तर रग्बीचा चालेल, थोडा जाडसर असतो इतकंच. चुन्याने एक रेघ मारा, फुलबॅक तिच्यामागे साडेतीन-चार मीटरवर उभा करा, आणि पहिला आठवडा चालतच करा, पळू देऊ नका. रक्षकाला तुम्ही क्वार्टरबॅकच्या मागून बोटाने खूण करायची : आत की बाहेर. क्वार्टरबॅकने ती खूण नव्हे, रक्षकाचे खांदे बघून ठरवायचं.

बाहेर पळणारा मुलगा क्वार्टरबॅकपासून तीन-चार मीटर लांब आणि एक पाऊल मागे हवा. उत्साहात तो पुढे निघतो, ही हमखास चूक. मग दिलेला चेंडू पुढचा पास ठरतो, आणि रेघ ओलांडल्यावर तो चालत नाही. काळ्या मातीचं मैदान पाऊस पडून गेल्यावर दोन दिवस तरी टाळा. चेंडूवर चिखल बसला की पोटाशी देणं-काढणं जमतच नाही, आणि मुलं दोष स्वतःच्या हाताला देत बसतात.